पहाऱ्यातील मंगल परिणय

(क्युपर्टिनो येथील वार्षिक संमेलनात केलेले भाषण)



डॉक्टरला भाषणास उभे केले की तो रक्तदाब, मधुमेह आणि हृदयविकार यांवरच बोलणार, असा श्रोत्यांचा समज असतो. आज मात्र आम्ही लग्नाविषयी बोलणार आहोत. लग्न हा आनंदाचा विषय. परंतु ज्या लग्नांची निमंत्रणपत्रिका आप्तांच्या आधी पोलीस अधीक्षकांच्या टेबलावर ठेवावी लागते आणि ज्यांच्या मुहूर्तासाठी वकील गाठून न्यायालयाचे दार ठोठवावे लागते, त्या लग्नांविषयी आम्हांस काही निवेदन करावयाचे आहे.

क्युपर्टिनो या आपल्या गावाला स्वतःचे पोलीस दल नाही. सांता क्लारा काउंटीच्या शेरीफ कार्यालयाशी करार करून येथील नगरपालिका ही व्यवस्था करते. आपल्या मुलामुलींच्या लग्नात शेरीफचा माणूस आलाच, तर गाड्या कोठे लावल्या आहेत आणि वाद्ये किती वाजेपर्यंत वाजणार आहेत एवढेच तो विचारतो. नवरदेव घोड्यावर बसला आहे की मोटारीत, आणि त्याची जात कोणती, हे विचारण्याचे त्याच्या मनातही येत नाही. या सुखाची आपणांस इतकी सवय झाली आहे की, हे सुख म्हणजे दीर्घ लढ्याने मिळणारी गोष्ट आहे याचा आपणांस विसर पडू लागला आहे.

२०१८ साली उत्तर प्रदेशातील कासगंज जिल्ह्यात निजामपूर नावाच्या ठाकूरबहुल गावी एका जाटव समाजातील मुलीचे लग्न ठरले. शेजारच्या हाथरस जिल्ह्यातील वराची इच्छा एवढीच होती की, आपली वरात गावातील नेहमीच्या सार्वजनिक रस्त्याने वाजतगाजत जावी. या गावात तुमच्या वरातीची तशी प्रथा नाही, असे त्यास ऐकविण्यात आले. तो तरुण जिल्हा प्रशासनाकडे गेला आणि पुढे अलाहाबाद उच्च न्यायालयातही गेला. न्यायालयाने त्याची याचिका फेटाळली आणि त्रास झाल्यास पोलिसांकडे जाण्याची वाट दाखविली. तरीही तो थांबला नाही. अखेरीस प्रशासनाने मार्ग आखून दिला आणि १५ जुलै २०१८ रोजी शेकडोच्या घरातील पोलिसांच्या बंदोबस्तात ती वरात निघाली. एका माणसाला सार्वजनिक रस्त्यावरून चालता यावे म्हणून एवढी तयारी करावी लागली. आणि रस्ते व सार्वजनिक जागांच्या वापरात जातीच्या कारणाने कोणासही मज्जाव करता येणार नाही, असे भारतीय संविधानाच्या पंधराव्या अनुच्छेदात १९५० पासून स्पष्ट लिहिलेले आहे!

हा प्रश्न आजचा नाही. बाबासाहेबांनी १९३६ साली लिहिलेल्या ‘अ‍ॅनिहिलेशन ऑफ कास्ट’ या ग्रंथात १९२८ सालच्या इंदूर भागातील बलाई समाजावर लादलेल्या नियमांची हकीकत दिली आहे. त्यांनी जरीकाठी पागोटे बांधू नये, रंगीत काठाचे धोतर नेसू नये, आणि सवर्णांच्या लग्नांत मात्र वरातीपुढे वाजंत्री वाजवावी, असे ते नियम होते. दुसऱ्याच्या वरातीत वाजवायचे आणि स्वतःची वरात काढायची नाही, हे या व्यवस्थेचे सूत्र आहे. हिमालयातील कुमाऊँ-गढवाल भागात शिल्पकार समाजाने आपल्या वधूवरांना डोलीतून व पालखीतून नेता यावे म्हणून वर्षानुवर्षे लढा दिला. जयानंद भारती यांच्या नेतृत्वाखालील तो ‘डोला-पालखी’ लढा अलाहाबाद उच्च न्यायालयापर्यंत गेला होता. आणि त्याच भागात, अल्मोडा जिल्ह्यातील कफल्टा येथे, स्वतंत्र भारतात ९ मे १९८० रोजी मंदिरासमोर नवरदेव पालखीतून उतरला नाही या कारणावरून वरातीतील १४ दलितांना ठार मारण्यात आले. आरोपी खालच्या न्यायालयांतून सुटले. सर्वोच्च न्यायालयाने १९९७ साली सोळा जणांना जन्मठेप दिली. दरम्यान सतरा वर्षे लोटली होती.

महाराष्ट्रातील आपल्या परंपरेत तर लग्न आणि कायदा यांचे नाते अधिक जुने आहे. २४ सप्टेंबर १८७३ रोजी पुण्यात सत्यशोधक समाजाची स्थापना झाली आणि त्याच वर्षी २५ डिसेंबरला पुरोहिताविना पहिला सत्यशोधक विवाह लागला. त्या सुरुवातीच्या विवाहांवर विरोधकांचा असा धाक होता की, लग्न निर्विघ्न पार पडावे म्हणून महात्मा जोतिरावांना पोलिसांचे साहाय्य घ्यावे लागले. पुढे जुन्नर तालुक्यातील ओतूर येथे बाळाजी कुसाजी पाटील यांनी भटजीला न बोलावता लग्ने लावली, तेव्हा गावच्या जोश्यांनी आपली दक्षिणा बुडाली म्हणून त्यांना न्यायालयात खेचले. तो वाद मुंबई उच्च न्यायालयापर्यंत गेला आणि १८९० साली निकाल पाटलांच्या बाजूने लागला. आज आपण त्रिशरण-पंचशील घेऊन, बुद्ध आणि बाबासाहेब यांच्या प्रतिमांसमोर वधूवरांच्या प्रतिज्ञांनी मंगल परिणय साजरा करतो, कोणत्याही पुरोहिताची परवानगी मागत नाही. त्या मोकळेपणाच्या मुळाशी एक पोलीस पहारा आणि एक कोर्टकज्जा आहे, हे आपल्या मुलांना सांगावयास हवे.

म्हणूनच, लग्नासाठी पोलीस मागणे हा कमीपणा आहे असे मानणाऱ्यांशी आम्ही सहमत नाही. पुष्कळ घरांतील वडीलधारी मंडळी म्हणतात, “कशाला हा उपद्व्याप? घोडा नाही म्हणून काय लग्न लागत नाही?” काही सुधारणावादी मित्र असेही म्हणतात की, बौद्धांच्या लग्नात घोडा, बँड आणि वरात हवीच कशाला, साधेपणाने लग्न करणे हीच आपली शिकवण आहे. साधेपणाचा हा आग्रह आम्हांसही मान्य आहे. परंतु ज्याला घोड्यावर बसण्याची मुभा आहे, त्यानेच घोडा नाकारला तर तो साधेपणा होय. ज्याला बसूच दिले जात नाही, त्याचे पायी चालणे हा साधेपणा नव्हे. महाडच्या चवदार तळ्याचे पाणी काही अमृत नव्हते. तरीही १९२७ साली बाबासाहेब तेथे गेले आणि तो दावा १९३७ साली मुंबई उच्च न्यायालयात जिंकेपर्यंत त्यांनी लढविला. पाण्याप्रमाणेच रस्त्याचाही प्रश्न हक्काचा आहे. संसदेनेही हे ओळखले. अत्याचार प्रतिबंधक कायद्यात २०१५ साली झालेल्या दुरुस्तीने, जी २६ जानेवारी २०१६ पासून अमलात आली, लग्नाची वरात काढण्यास अथवा वरातीत घोड्यावर वा अन्य वाहनावर बसण्यास अटकाव करणे हा स्वतंत्र गुन्हा ठरला असून त्यास सहा महिन्यांपासून पाच वर्षांपर्यंत कारावासाची तरतूद आहे.

आता आपल्या सर्वांच्या मनात असलेल्या एका समजुतीकडे वळू. आपण शिकलो, परदेशी आलो, डॉक्टर, अभियंते, प्राध्यापक झालो. आता ही गोष्ट आपल्या घराला लागू नाही, असे आपणांस वाटते. वस्तुस्थिती काय सांगते? २०२० च्या फेब्रुवारीत गुजरातमधील बनासकांठा जिल्ह्यात शरीफडा गावी ज्या नवरदेवाच्या वरातीवर पोलीस हजर असताना दगडफेक झाली, तो भारतीय सैन्यातील जवान होता. २०२२ च्या फेब्रुवारीत राजस्थानात जयपूर जिल्ह्यात ज्या नवरदेवाने पोलीस बंदोबस्तात घोडीवर बसून वरात काढली, तो स्वतः भारतीय पोलीस सेवेतील अधिकारी होता! २०२५ च्या फेब्रुवारीत पुन्हा बनासकांठा जिल्ह्यातच, गादलवाडा गावी, एका वकिलाने आधीच अर्ज करून बंदोबस्त मिळविला. त्याच्या वरातीभोवती १४५ पोलीस होते. घोड्यावरील मिरवणूक शांततेत पार पडली, आणि तो मोटारीत बसल्यावर मोटारीवर दगड आला. सीमेचे रक्षण करणारा, कायदा राबविणारा आणि कायदा जाणणारा अशा तिघांनाही जेथे पहारा लागला, तेथे आपल्या पदव्या आणि आपले डॉलर ढाल बनतील या भ्रमात आपण राहू नये.

हे सारे उत्तरेकडचे आहे, महाराष्ट्रात असे होत नाही, असे समाधान मानावयासही जागा नाही. १६ मे २०१५ रोजी शिर्डी येथे लग्नासाठी आलेल्या एका नर्सिंगच्या विद्यार्थ्याला, त्याच्या भ्रमणध्वनीवर बाबासाहेबांचे गीत वाजले म्हणून, जिवे मारण्यात आले. १ जून २०२३ रोजी नांदेडजवळच्या बोंढार हवेली येथे दुसऱ्यांची वरात गावातून चालली असताना एका बौद्ध तरुणाचा खून झाला. त्या गावात त्याच वर्षी प्रथमच भीमजयंती साजरी झाली होती. अहमदनगर (आताचा अहिल्यानगर) जिल्ह्यातील सोनई येथे २०१३ च्या पहिल्याच दिवशी तीन दलित तरुणांची हत्या झाली आणि त्याच जिल्ह्यातील खर्डा येथे २८ एप्रिल २०१४ रोजी एका शाळकरी वयाच्या मुलाची. या दोन्ही प्रकरणांच्या मुळाशी जातीबाहेरच्या मुलीशी असलेल्या मैत्रीचा संशय होता. त्या मुलांना लग्नापर्यंत पोहोचताच आले नाही, मग पहारा मागणार कोण?

येथे आपण या प्रश्नाच्या दुसऱ्या आणि अधिक अवघड बाजूकडे येतो. न्यायालयात लग्नासाठी संरक्षण मागणारे अर्जदार दोन प्रकारचे असतात. पहिल्या प्रकारच्या अर्जदाराला गावाचे भय असते. घर त्याच्या पाठीशी उभे असते. दुसऱ्या प्रकारच्या अर्जदारांना घराचेच भय असते. स्वतःच्या मनाने जोडीदार निवडणारी ही सज्ञान मुलेमुली आपल्याच आईबापांपासून, भावांपासून, काकामामांपासून संरक्षण मागतात. २७ मार्च २०१८ रोजी ‘शक्ती वाहिनी’ खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सर्व राज्यांना आदेश दिले की, अशा जोडप्यांसाठी प्रत्येक जिल्ह्यात विशेष कक्ष असावा, सुरक्षागृहे असावीत, आणि दोघेही सज्ञान असल्यास पोलिसांच्या संरक्षणात त्यांचे लग्न लावण्यास व नोंदविण्यास साहाय्य करावे. महाराष्ट्र शासनाने या सुरक्षागृहांची सविस्तर कार्यपद्धती जाहीर केली ती २०२४ च्या डिसेंबरात, तीही मुंबई उच्च न्यायालयाने विचारणा केल्यानंतर. मधली सहा वर्षे किती जोडप्यांनी कोणाच्या आसऱ्याने काढली असतील, याचा विचार करावा.

आणि पोलीस नेहमीच रक्षक असतो असेही नाही. बेळगाव जिल्ह्यातील मुरगोड पोलीस ठाण्याच्या हद्दीतील एका प्राध्यापिकेने स्वतःच्या निवडीने लग्न केले. वडिलांनी ती हरवल्याची तक्रार दिली. तिने विवाहाचे प्रमाणपत्र पाठविले, तरी तपास अधिकारी तिला ठाण्यात येऊन जबाब देण्याचा आग्रह धरू लागला. अखेर ती सर्वोच्च न्यायालयात गेली. ८ फेब्रुवारी २०२१ च्या निकालात न्यायालयाने त्या अधिकाऱ्याच्या वर्तनावर कठोर ताशेरे ओढले, अशी प्रकरणे कशी हाताळावीत याचे पोलिसांना प्रशिक्षण देण्यास सांगितले, आणि आंतरजातीय विवाहाविषयीच्या बाबासाहेबांच्या विचारांचाही त्या निकालपत्रात आधार घेतला. जातिनिर्मूलनाचा खरा उपाय आंतरजातीय विवाह होय, हे बाबासाहेबांनी १९३६ साली मांडलेले मत देशाच्या सर्वोच्च न्यायालयाने पंचाऐंशी वर्षांनी उद्धृत केले!

आपण ज्या राज्यात राहतो त्या कॅलिफोर्नियाचा इतिहासही असाच आहे. येथे गोऱ्या आणि काळ्या व्यक्तींच्या परस्पर विवाहास बंदी होती. लॉस एंजेलिसमधील एका जोडप्याने परवाना नाकारला गेल्यावर दाद मागितली आणि १ ऑक्टोबर १९४८ रोजी या राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने ‘पेरेझ विरुद्ध शार्प’ या खटल्यात ती बंदी रद्द ठरविली. त्याच वर्षी १५ एप्रिलला दिल्लीत बाबासाहेबांनी व्यवसायाने डॉक्टर असलेल्या शारदा कबीर यांच्याशी नोंदणी पद्धतीने आंतरजातीय विवाह केला होता. व्हर्जिनियात मात्र १९५८ साली लव्हिंग दांपत्याच्या शयनगृहात पोलीस मध्यरात्री शिरले ते लग्न मोडण्यासाठी. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने अशा बंद्या देशभर रद्द केल्या त्या १९६७ साली. गणवेश तोच असतो, कायदा बदलला की त्याचे काम बदलते.

मित्रहो, वैद्यकशास्त्रात आपण रोगाचे लक्षण आणि रोगाचे कारण यांत भेद करतो. ताप उतरविणे आवश्यक असते, परंतु तेवढ्याने रोग गेला असे कोणी म्हणत नाही. पोलीस पहाऱ्याचेही तसेच आहे. गुजरातमधील मेहसाणा जिल्ह्यात ल्होर गावी ७ मे २०१९ रोजी दलित नवरदेवाची वरात निघाली आणि लगेच दोन दिवसांत संपूर्ण वस्तीवर बहिष्कार पुकारण्यात आला. दुकानात सामान मिळेना, कोणी कामाला बोलावीना. पोलिसांनी सरपंचासह काही जणांना अटक केली. पहारा एका दिवसाचा असतो, गावात राहावयाचे असते वर्षाचे तीनशे पासष्ट दिवस. महाराष्ट्राने २०१६ साली सामाजिक बहिष्काराविरुद्ध स्वतंत्र कायदा केला असून त्यात तीन वर्षांपर्यंत कारावासाची शिक्षा आहे, हे आपल्या गावाकडील आप्तांना माहीत असले पाहिजे.

तेव्हा आपण येथे बसून काय करू शकतो? पहिली गोष्ट, मायदेशातील लग्नांना आपण अहेर पाठवितो, त्यासोबत सल्लाही पाठवावा. जेथे अडथळ्याची शंका असेल तेथे तारखेच्या काही आठवडे आधी पोलीस अधीक्षक, जिल्हाधिकारी आणि स्थानिक ठाणे यांना लेखी अर्ज द्यावा. त्यात तारीख, वेळ, वरातीचा मार्ग आणि धमकी देणाऱ्यांची माहिती स्पष्ट असावी. अर्जाच्या प्रतीवर पोच म्हणून शिक्का व तारीख घ्यावी. निजामपूरचा धडा हाच आहे की, न्यायालय प्रथम विचारते, पोलिसांकडे गेला होता काय? तो कागद हाती असेल तर संविधानाच्या २२६व्या अनुच्छेदाखाली उच्च न्यायालयात जाणाऱ्या वकिलाचे काम सोपे होते. वकिलाची फी हाही अहेरच समजावा. आणि लग्न पार पडल्यावर महिन्याभराने पुन्हा दूरध्वनी करावा, कारण संकट पुष्कळदा पाहुणे गेल्यावर येते.

दुसरी गोष्ट अधिक जवळची आहे. आपल्यांतील काही घरांत आजही स्थळ पाहताना सोमवंशी की लाडवण की बावणे, हे हलक्या आवाजात विचारले जाते. मुलीने मातंग वा चर्मकार समाजातील मुलगा पसंत केला, तर आईच्या डोळ्यांत पाणी येते. मुलाने येथील काळी किंवा मेक्सिकन मुलगी घरी आणली, तर वडील महिनोन्‌महिने बोलत नाहीत. पोलीस, न्यायालय आणि सुरक्षागृह या शब्दांपासून हा अबोला फार दूरचा आहे, असे आपण समजतो. परंतु ज्या घराच्या भीतीने मुले न्यायालयात जातात, ते घर एका रात्रीत तसे झालेले नसते. सुरुवात अशाच एका अबोल्याने झालेली असते. रस्त्यावरची आपली वरात अडविणाऱ्या ठाकुराला आपण संविधान दाखवितो. तेच संविधान आपल्या सज्ञान मुलीच्या हाती आहे, आणि ती ते आपल्याला दाखवू शकते, याचे भान ठेवावे.

आमची या सभेस एवढीच विनंती आहे. मायदेशातील ज्या नवरदेवाला पहारा लागतो, त्याच्या पाठीशी आपण पैशाने, कागदाने आणि धैर्याने उभे राहू. आणि आपल्या घरातील कोणत्याही मुलाला वा मुलीला, आपल्यापासून संरक्षण मिळावे म्हणून अर्ज करण्याची वेळ येणार नाही, असा शब्द आज रात्री जेवताना त्यांच्यासमोर बसून देऊ. गावच्या रस्त्यावरचा पहारा उठण्यास किती वर्षे लागतील हे आपल्या हाती नाही. घरातला मात्र आजच उठविता येतो.

 जयभीम! नमो बुद्धाय!